एका दिवसाला एक वही

दवाखान्यात माझ्या पाठीमागे मला 'चावरी सिस्टर' म्हणतात, हे मला ठाऊक आहे. कुत्रा चावलेल्यांना इंजेक्शन देण्याचं काम माझं, आणि तोंडाने मी कुणाला सोडत नाही, म्हणून ते नाव. बावीस वर्षं ही एकच खोली, एकच खिडकी आणि एकच वाक्य ऐकत आले आहे. माणूस पोटरीला फडकं गुंडाळून लंगडत येतो, खुर्चीत बसतो आणि म्हणतो, "तसा तो चावत नाही हो."

"मग काय, पाय आपणहून त्याच्या तोंडात गेला?" मी विचारते.

इतकं बोलूनही मी हाताने हलकी आहे. जखम नळाखाली साबणाने पंधरा मिनिटं धुवायची, मग इंजेक्शन, मग पुढच्या तारखांचा कागद, आणि शेवटी चाव्याची वही. त्या वहीत वय लिहायचं, कुठे चावला ते लिहायचं, कुत्रा ओळखीचा की अनोळखी ते लिहायचं. शेवटचा रकाना कारणाचा. तिथे आम्ही वर्षानुवर्षं चारच शब्द वापरतो. डिवचल्यामुळे, खाताना, पिलांपाशी, आणि विनाकारण. 'विनाकारण' लिहिलं आणि जखम लहान मुलाच्या चेहऱ्यावर असली, की पालिकेची गाडी येऊन कुत्रा घेऊन जाते आणि तो परत येत नाही. 'डिवचल्यामुळे' लिहिलं, तर कुत्रा घरीच राहतो, फक्त दहा दिवस त्याच्यावर लक्ष ठेवायचं. म्हणजे रकाना लहान आहे, पण त्यात एकेकाचा जीव असतो.

त्या सोमवारी गर्दी ओसरल्यावर साडेअकराच्या सुमाराला एक मुलगी खिडकीशी आली. सोळा वर्षांची असेल. हातात शाळेचं पत्र होतं. प्रकल्पासाठी गेल्या दहा वर्षांतल्या श्वानदंशाची आकडेवारी हवी होती. किती जणांना चावे, कोणत्या वयात, कुठे, का. पत्र मी अर्धंच वाचलं. तिच्या डाव्या गालावर डोळ्याखालून ओठाच्या कोपऱ्यापर्यंत एक पांढरट रेघ होती.

ती जखम मी स्वतः धुतली होती. सहा वर्षांच्या गालावरची रेघ पुढे केवढी होईल, याचा हिशेब मी दहा वर्षं मनात करत होते. तो चुकला. माझ्या मनातली रेघ खूपच लांब होती.

ती माझी भाची. दादाची मुलगी, आमची ठकी.

"नमस्कार, सिस्टर," ती म्हणाली. ओळखल्याचं काही चेहऱ्यावर नव्हतं. सहाव्या वर्षी सुटलेलं माणूस सोळाव्या वर्षी कसं ओळखणार, आणि मी तरी कुठे तशी राहिले आहे. केस पांढरे झाले, चष्मा आला, पोट आलं. मी पत्राची घडी घातली आणि घसा खाकरला.

"वह्या एकदम मिळत नाहीत. एका दिवसाला एक. इथेच बसून बघायची."

तेव्हा फरशी पुसणाऱ्या मावशी थांबल्या. ती गेल्यावर म्हणाल्या, "हा नियम कधी झाला?"

"आत्ता."

"बरंय," म्हणून त्यांनी फडकं पिळलं. बादलीपेक्षा मोठ्या आवाजात त्या काही बोलत नाहीत, पण समजायचं ते समजतात.

दहा वर्षं, म्हणजे दहा वह्या, म्हणजे दहा दिवस, या वर्षापासून मागे मागे जात. ती रोज साडेअकराला यायची, कपाटाशेजारच्या स्टुलावर बसायची आणि मांडीवर वही घेऊन कागदावर रेघा ओढायची. चार उभ्या, पाचवी आडवी. मी खिडकीत पाठमोरी बसून कान मागे ठेवायची. पेन्सिलचा आवाज थांबला की माझा हात थांबायचा. तिसऱ्या दिवशी मी तिला चहा दिला आणि बिस्किटं पुढे सरकवली. तिने बिस्कीट चहात इतका वेळ धरलं की ते तुटून बुडालं, मग बोटाने काढून खाल्लं. लहानपणी अगदी हेच करायची. मी तिला ओरडायची आणि पुढचं बिस्कीट द्यायची. मी उगाच कापसाचा डबा उघडून बंद केला.

तेव्हा दादा-वहिनी आमच्या वरच्या मजल्यावर राहायचे. दोघांनाही नोकरी, आणि मला सकाळची पाळी. त्यामुळे शाळा सुटली की ठकी माझ्याकडे. माझं लग्न झालं नाही. का झालं नाही हे विचारणारे आता थकले. पण दुपारी साडेतीनला दाराची कडी वाजायची, आणि तिथून संध्याकाळी सातपर्यंत मला जगात कशाचं काही कमी नव्हतं. मी, ती आणि साहेब.

साहेब म्हणजे आमचा कुत्रा. अंगाने तपकिरी, स्वभावाने गंभीर. माझ्या खुर्चीत बसून एक पाय खुर्चीच्या हातावर टाकायचा, आणि कुणी आलं तर अशा नजरेने बघायचा की येणारा नकळत चप्पल नीट लावायचा. म्हणून साहेब. ठकी शाळेतून आली की दप्तर टाकून आधी त्याच्या गळ्यात पडायची, गालाला गाल लावून. तोही डोळे मिटून घ्यायचा. दोन वर्षं रोज.

आणि एक दिवस तिने तशीच मिठी मारली आणि तो चावला.

मी तिला उचलून रिक्षात घातलं, याच खोलीत आणलं, याच नळाखाली धरलं. डॉक्टरांनी टाके घातले. मग माझ्याच हाताने मी वही भरली. कारणाच्या रकान्यात लिहिलं, 'डिवचल्यामुळे'. दादा धावत आला. त्याने ठकीला बघितलं, मग वही बघितली. तो ओरडला नाही. "सहा वर्षांच्या पोरीवर ढकललंस?" एवढंच म्हणाला. महिन्याभरात त्यांनी जागा सोडली. शहराच्या दुसऱ्या टोकाला गेले, एवढं कानावर आलं. मी दोनदा फोन केला, दोन्हीदा वहिनीने "रॉंग नंबर" म्हणून ठेवला. तिचा आवाज मला ओळखू येत नाही असं तिला वाटलं असेल.

चौथ्या दिवसापासून ठकी प्रश्न विचारायला लागली.

"सिस्टर, ओळखीचे कुत्रे जास्त कसे? मला वाटायचं रस्त्यावरचेच चावतात."

"रस्त्यावरच्या कुत्र्याला आपण वळसा घालून जातो. घरच्याच्या तोंडात तोंड घालतो. तू मोजलंस ना, शंभरात किती?"

"चौसष्ट. आणि निम्मी लहान मुलं. आणि लहान मुलांना जास्त करून चेहऱ्यावर."

"त्यांचं तोंड आणि कुत्र्याचं तोंड एका उंचीवर असतं." मी सुईचं टोपण काढत होते. "आणि मोठं माणूस तेवढ्यात आत गेलेलं असतं. 'दोनच मिनिटं गेले होते' हे वाक्य मी रोज ऐकते. कुत्रा म्हातारा असतो, आजारी असतो, बांधून बांधून वैतागलेला असतो, झोपेतून दचकलेला असतो. घरच्यांना ते माहीत असतं. तरी म्हणायचं, तसा तो चावत नाही."

हे सगळं मी खडसावून बोलले, जसं सगळ्यांना बोलते. बोलून झाल्यावर इंजेक्शन कुणाला द्यायचं तेच आठवेना.

सातव्या दिवशी तिने वही बंद केली, बोट पानात ठेवून.

"डिवचल्यामुळे, हे कोण ठरवतं?"

"मी लिहिते."

"तुम्हाला कसं कळतं?"

"लोक सांगतात."

"कुत्रा सांगत नाही ना पण. आणि मूल लहान असलं तर तेही सांगत नाही." थोडं थांबून तिने विचारलं, "मिठी मारली तर ते डिवचणं असतं का?"

खिडकीशी कुणीही नव्हतं. तरी मी म्हणाले, "थांब, पेशंट आहे," आणि रिकाम्या खिडकीकडे तोंड करून बसले. तिला कळलं असणार. तिने पुन्हा पेन्सिल उचलली.

तेव्हा माझ्या लक्षात आलं, की तिने दहाच वर्षं का मागितली.

नवव्या दिवशी ती गेल्यावर मी दहावी वही कपाटातून काढली, पिशवीत घातली आणि घरी नेली. वाळवी लागली म्हणून सांगायचं, असं ठरवून टाकलं होतं. म्हणजे ते पान तिच्या दृष्टीस पडणार नाही, ती नऊ वह्यांचा प्रकल्प करील, आणि कदाचित 'वाळवीतून काही पानं वाचली का' हे विचारायला अधूनमधून येत राहील. चहा घेईल, बिस्कीट बुडवील. एवढंच मला हवं होतं. ती मला आत्या म्हणाली नाही तरी चालणार होतं. मी पिशवी स्वयंपाकघरात फळीवर ठेवली, तिच्याकडे पाठ करून जेवायला बसले, आणि अर्धं ताट तसंच झाकून ठेवलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी पिशवी तशीच खांद्याला होती. वही काढून ठेवायचं धाडस झालं नाही, म्हणून घेऊन गेले. पहिलाच पेशंट पाच वर्षांची मुलगी. हनुवटीवर दात लागलेले, घरचाच कुत्रा. आई चिडलेली. "हिनेच काहीतरी केलं असणार, हिला सवयच आहे." मी मुलीला नळाखाली धरलं. ती रडत नव्हती. मी हळूच विचारलं, "काय केलंस गं तू?"

"मीच केलं," ती म्हणाली.

"पण काय केलंस?"

"माहीत नाही."

त्या दिवशी मी कारणाचा रकाना रिकामा सोडला. बावीस वर्षांत पहिल्यांदा.

साडेअकराला ठकी आली, तेव्हा दहावी वही स्टुलावर होती. तिने ती मांडीवर घेतली. मी या वेळी पाठ केली नाही. खिडकीला पडदा ओढला आणि तिच्यासमोर पेशंटच्या खुर्चीत बसले. ती पान उलटत गेली, रेघा न ओढता. मधल्या एका पानावर थांबली. तिने ती ओळ बोटाने वाचली, माझ्या वळणदार अक्षरातली. मग म्हणाली, "काय केलं होतं मी त्याला, आत्या?"

म्हणजे पहिल्या दिवसापासून तिला माहीत होतं.

"काही नाही," मी म्हणाले. "तू काहीच केलं नव्हतंस. रोज मारायचीस तशी मिठी मारलीस. त्याचा डावा कान आठ दिवस पिकला होता. मी औषध घालत होते. त्या दिवशी सकाळी औषध घालताना तो माझ्यावरही दात काढून गुरगुरला. मला माहीत होतं."

"मग तू बांधला का नाहीस? बाबांना का नाही सांगितलंस?"

"सांगितलं असतं, तर दादा म्हणाला असता, कान बरा होईपर्यंत पोरगी खाली नको. आणि मग दुपारी तू आली नसतीस." मी तिच्याकडे बघूनच बोलले. दुसरीकडे बघण्याचा हक्क मला नव्हता. "मला वाटलं, मी आहेच ना घरात. दूध उतू जाईल म्हणून आत गेले. दोनच मिनिटं."

बाहेर कुणीतरी खिडकी वाजवली, मावशींनी त्यांना थांबवलं.

"मला आठवत नाही काही," ती शेवटी म्हणाली. "फक्त तोंडाला त्याच्या अंगाचा वास आठवतो. बाबा कधीच काही बोलले नाहीत. पण एकदा आई कुणाला तरी सांगत होती, तिने वहीत लिहिलं की आमच्या पोरीनेच डिवचलं. मी ऐकलं. तेव्हापासून मी कुठल्याच कुत्र्याला हात लावत नाही. तो चावेल म्हणून नाही. मी काहीतरी करीन म्हणून. मैत्रिणीचं बाळ पण घेत नाही मी मांडीवर."

तिने बोट पुन्हा त्या ओळीवर ठेवलं.

"तू त्याला वाचवायला लिहिलंस ना ते?"

"हो. गाडी आली असती. तो माझ्यामुळे मेला असता."

"आणि मला?"

दहा वर्षं मी मनात दादाशी भांडले, वहिनीशी भांडले, प्रत्येक वेळी माझ्याकडे उत्तर असायचं. कुत्रा मुका, पोरीचा गाल आज ना उद्या भरून येईल, कागदावरच्या एका शब्दाने तिचं काय बिघडणार. आता तो गाल माझ्या समोर होता. ठकी उठली. वही तिने स्टुलावर नीट ठेवली आणि निघून गेली. तिचा रेघांचा कागद आणि पेन्सिल तिथेच राहिली.

दुसऱ्या दिवशी ती आली नाही. त्याच्या पुढच्या दिवशीही नाही. मी कुणावर ओरडले नाही, तर लोक बाहेर जाऊन विचारायला लागले, सिस्टरना बरं नाही का. मावशींनी स्टूल पुसलं आणि तिथेच ठेवलं. कागद मी कपाटात ठेवला होता. रोज दोनदा काढून बघायची. डिवचल्यामुळे या शब्दाखाली रेघांच्या जुड्याच्या जुड्या होत्या. यातल्या किती खऱ्या आणि किती माझ्यासारख्या, हे आता कोण सांगणार.

तिसऱ्या दिवशी साडेअकराला ती दारात उभी राहिली. आत आली नाही.

"माझा कागद राहिलाय."

"देते. पण आधी एक काम आहे, दोन मिनिटं." माझ्या तोंडून तीच दोन मिनिटं निघाली. ते ऐकून मी थांबले. "नाही. लागेल तेवढा वेळ लागेल. बस."

ती बसली. मी दहावी वही काढून टेबलावर उघडली. आमच्याकडे वहीत खाडाखोड चालत नाही. चुकलं तर आधीचा शब्द वाचता येईल अशी एकच आडवी रेघ मारायची, वर खरं ते लिहायचं, तारीख घालायची आणि सही करायची. दहा वर्षांपूर्वीचं कुणी दुरुस्त करत नाही, पण करू नये असंही कुठे लिहिलेलं नाही. मी 'डिवचल्यामुळे'वर रेघ मारली. वर लिहिलं, 'कुत्र्याचा कान दुखत होता. घरच्यांना माहीत होतं. मुलीचा काही दोष नाही.' रकान्यात मावेना, म्हणून शेवटचं वाक्य समासात गेलं. आजची तारीख घातली. सही केली.

ठकीने वही आपल्याकडे वळवून घेतली आणि वाचली. दोनदा वाचली. मग फोन काढून त्या पानाचा फोटो काढला.

"बाबांना दाखवीन," ती म्हणाली. "ते काय म्हणतील माहीत नाही."

"रागावेल. रागावू दे."

"मी पण रागावलेय."

"हो," मी म्हणाले.

मी तिला कागद दिला. दहाव्या वर्षाच्या रेघा अजून ओढायच्या होत्या. तिने त्या तिथेच बसून ओढल्या, पानामागून पान, आणि स्वतःच्या ओळीपाशी आली तेव्हा पेन्सिल थांबली. कागदावर चारच रकाने होते. तिने कडेला पाचवा आखला. त्याला नाव काही दिलं नाही. त्यात एक उभी रेघ ओढली.

"साहेब नंतर किती दिवस होता?" तिने मान वर न करता विचारलं.

"दोन वर्षं. कान आठवड्यात बरा झाला. साडेतीन वाजले की दाराशी जाऊन बसायचा. सात वाजेपर्यंत."

"रोज?"

"रोज. मीही बसायची."

तिने ओठ घट्ट मिटले, आणि गालावरची रेघ हलली. मी चहा ओतला, बिस्किटं पुढे केली. तिने बिस्कीट घेतलं नाही. चहा घेतला. प्रकल्प संपला होता. कागदाची घडी घालून तिने दप्तरात ठेवली, पेन्सिल ठेवली, उभी राहिली. मी ताटकळत उभी होते, जा म्हणवत नव्हतं आणि थांब म्हणायचं तोंड नव्हतं.

दारापाशी जाऊन ती वळली. कपाटाकडे बघत होती, खालच्या फळीवरच्या जुन्या वह्यांकडे.

"त्याच्या आधीच्या वर्षाची वही आहे का?"

"आहे," मी म्हणाले. "बारा आहेत अजून."

"एका दिवसाला एकच मिळते ना?"

"एकच."

"मग उद्या येते," ती म्हणाली.